नोटीस, हरकत, रोजनामा: जमिनीचा निर्णय होण्याआधी आपलं म्हणणं ऐकलं जाण्याचा हक्क

फेरफाराची, म्हणजे जमिनीच्या नोंदीतल्या नावबदलाची, नोटीस एका पानात मावते. वर गावाचं नाव, फेरफार क्रमांक, गट नंबर. मध्ये कोणाचं नाव कमी होणार आणि कोणाचं लागणार. आणि सगळ्यात खाली एक ओळ: हरकत असल्यास 15 दिवसांत कळवावी, अन्यथा हरकत नाही असे समजून नोंद प्रमाणित करण्यात येईल. बहुतेक घरांत हा कागद लाईट बिलाखाली जाऊन बसतो. पुढे प्रांत (उपविभागीय अधिकारी) ऑफिसात वर्षानुवर्षं तारखांवर फिरणारी कित्येक अपिलं या शेवटच्या ओळीतून जन्मलेली असतात.

तुमच्या मालमत्तेवर परिणाम करणारा निर्णय सरकारी अधिकारी घेणार असेल, तर आधी तुम्हाला कळवलं पाहिजे, समोरच्याने काय कागद दिलेत ते तुम्हाला दिसले पाहिजेत, तुमचं म्हणणं मांडायला खरीखुरी संधी मिळाली पाहिजे आणि निर्णयात कारणं लिहिलेली असली पाहिजेत. याला नैसर्गिक न्यायाची तत्त्वं म्हणतात. नाव भारदस्त आहे, पण प्रत्यक्षात ती कागदांतच राहतात: नोटिशीवरची सही, हरकतीची पोच, रोजनाम्यातली (तारीखवार कामकाजाच्या नोंदीतली) ओळ, आदेशाची नक्कल. हे कागद तुमच्याकडे असतील तर हक्क आहे. नसतील तर तो सिद्ध करताना दमछाक होते.

मालमत्तेचा हक्क आता मूलभूत हक्क नाही. 1978 च्या 44 व्या घटनादुरुस्तीने तो त्या यादीतून काढला आणि अनुच्छेद 300-अ आला: कायद्याच्या अधिकाराशिवाय कोणाची मालमत्ता हिरावून घेता येणार नाही. यातला ‘कायदा’ म्हणजे नुसतं कलम दाखवणं नव्हे. कोलकाता महापालिका विरुद्ध बिमल कुमार शाह या प्रकरणात 16 मे 2024 रोजी सर्वोच्च न्यायालयाने या अनुच्छेदात सात उपहक्क असल्याचं सांगितलं. त्यातले पहिले तीन नोटीस मिळण्याचा, म्हणणं ऐकलं जाण्याचा आणि सकारण निर्णय मिळण्याचा. नुकसानभरपाई त्यांच्या नंतर येते. हा क्रम लक्षात ठेवण्यासारखा आहे, कारण आपल्याकडे चर्चा थेट ‘दर किती मिळणार’ इथूनच सुरू होते.

फेरफारात ऐकून घेणं नेमकं कुठे येतं

महाराष्ट्र जमीन महसूल अधिनियम, 1966 चं कलम 150 एकदा शांतपणे वाचावं. तलाठ्याने (पदनाम आता ग्राम महसूल अधिकारी, पण गावात हाक तलाठी अशीच) फेरफार नोंदवहीत, म्हणजे गाव नमुना 6 मध्ये, नोंद धरली की त्याच वेळी तिची प्रत चावडीत ठळक जागी लावायची. अधिकार अभिलेखावरून, म्हणजे सातबाऱ्यासारख्या हक्कनोंदींवरून, ज्यांचा संबंध दिसतो त्या सगळ्यांना लेखी कळवायचं. शिवाय ज्यांचा हितसंबंध आहे असं तलाठ्याला वाटण्यासारखं कारण आहे, त्यांनाही कळवायचं. हे शेवटचं वाक्य फार कामाचं आहे. सातबाऱ्यावर नाव नसलेली मुलगी, बिननोंदीचा सहहिस्सेदार, कोर्टात दावा लावून बसलेला चुलता, हे सगळे त्यात येऊ शकतात.

कोणी हरकत घेतली, अगदी तोंडी जरी घेतली, तरी तलाठ्याने ती विवादग्रस्त प्रकरणांच्या नोंदवहीत, गाव नमुना 6-अ मध्ये, घ्यायची आणि हरकतदाराला लगेच लेखी पोच द्यायची. ‘घ्यावी की न घ्यावी’ असा पर्याय कायद्याने त्याला दिलेलाच नाही. मग अव्वल कारकुनाच्या खालच्या दर्जाचा नसलेला अधिकारी, प्रत्यक्षात बहुधा मंडळ अधिकारी म्हणजे आपला सर्कल, सुनावणी घेऊन निर्णय देतो. असं प्रकरण शक्यतो एका वर्षात निकाली काढावं असंही त्याच कलमात आहे. संबंधितांना नोटीस बजावल्याशिवाय कोणतीही नोंद प्रमाणित करायची नाही, हेही तिथेच आहे.

चावडीवरचा कागद आता संगणकावरही दिसतो. महाभूमीच्या संकेतस्थळावर ‘आपली चावडी’ या भागात जिल्हा, तालुका, गाव निवडलं की चालू फेरफारांच्या नोटिसा येतात. पुण्या-मुंबईत राहणाऱ्या, पण कोल्हापूर जिल्ह्यातल्या करवीर नाहीतर पन्हाळ्यात जमिनीचा तुकडा असणाऱ्या माणसाने महिन्यातून दोनदा ही दोन मिनिटांची तपासणी करायला हरकत नाही. महिन्यातून एकदा पुरत नाही. मुदतच 15 दिवसांची आहे.

एक उदाहरण, जरा जवळून

समजा, करवीर तालुक्यातलं गाव. 80 आर जमीन वडिलांच्या नावावर. वडील वारले. मागे आई, दोन मुलगे आणि कागल तालुक्यात दिलेली मुलगी. वारस नोंदीचा अर्ज थोरल्या भावाने केला, सोबत शंभराच्या स्टॅम्पवर लिहिलेला एक कागद जोडला: ‘बहिणीने राजीखुशीने हक्क सोडला आहे.’ खाली बहिणीची सही. सही खरीही असेल. रक्षाविसर्जनाच्या गडबडीत चार कागदांवर सह्या घेतल्या जातात, त्यातलाच हाही एक.

हा कागद कायद्याने निरुपयोगी आहे. स्थावरातला हक्क सोडायचा तर हक्कसोडपत्र दुय्यम निबंधकाकडे नोंदवावं लागतं. नुसत्या स्टॅम्पवर किंवा नोटरीसमोर ते होत नाही. पण हे कोणी सांगितलंच नाही, तर नोंद तीन नावांनी प्रमाणित होऊन जाते.

नोटीस बहिणीच्या नावाने निघते, पण पत्ता माहेरचा पडतो, कारण अर्जात भावाने तोच लिहिलेला असतो. कोतवाल घरी जातो, भाऊच सही करून घेतो. कागदोपत्री बजावणी पूर्ण. पुढे अपिलात हीच जागा उघडी करून दाखवावी लागते: ज्याच्या फायद्याची नोंद होती, त्यानेच जिचं नुकसान होणार तिची नोटीस घेतली. हे दाखवायला नोटिशीच्या स्थळप्रतीची, म्हणजे कार्यालयात राहिलेल्या प्रतीची, नक्कल लागते, आणि त्या स्थळप्रतीवर सही कोणाची आहे ते पाहणं हे अपिलाच्या तयारीतलं पहिलं काम. महसूल अधिनियमाच्या कलम 230 मध्ये नोटीस कशी बजावायची ते दिलं आहे: व्यक्तीच्या किंवा तिच्या प्रतिनिधीच्या हातात, टपालाने, किंवा तिच्या शेवटच्या माहीत असलेल्या राहत्या जागी चिकटवून. लग्न होऊन पंधरा वर्षं झालेल्या बाईची ‘राहती जागा’ माहेर नसते, हा मुद्दा साधा वाटतो, पण तो अपिलाच्या अर्जात लिहायला लोक विसरतात आणि भावाच्या स्वभावावर दोन पानं खर्च करतात.

उपाय खरं तर आधीच करता येतो. वडील वारल्यावर बहिणीने स्वतः तलाठ्याकडे एक साधा अर्ज द्यावा: मी अमुक यांची वारस, माझा सध्याचा पत्ता हा, मोबाईल हा, वारस नोंदीबाबत मला कळवल्याशिवाय निर्णय होऊ नये. यामुळे ती ‘हितसंबंध असल्याचं तलाठ्याला माहीत असलेली’ व्यक्ती ठरते. मग ‘माहीत नव्हतं म्हणून कळवलं नाही’ ही तलाठ्याची सबब चालत नाही.

हरकत अर्ज: पाच ओळी पुरतात

हरकतीचा अर्ज म्हणजे दिवाणी दावा नव्हे. कुटुंबाचा इतिहास त्यात नको. असा लिहिला तरी चालतो:

‘मौजे …, ता. करवीर येथील गट नं. … वरील फेरफार क्र. … ला माझी हरकत आहे. मयत … यांची मी मुलगी असून वारसांत माझे नाव घेतलेले नाही. मी कोणतेही नोंदणीकृत हक्कसोडपत्र करून दिलेले नाही. सबब माझे नाव वारस म्हणून दाखल झाल्याशिवाय नोंद प्रमाणित करू नये. सुनावणीची नोटीस व समोरच्या पक्षाने दाखल केलेल्या कागदांच्या प्रती मला खालील पत्त्यावर मिळाव्यात.’

खाली पत्ता, मोबाईल, तारीख, सही. सोबत नात्याचा पुरावा: शाळा सोडल्याचा दाखला, रेशनकार्डाची जुनी प्रत, जे असेल ते. शेवटचं वाक्य मुद्दाम आहे. समोरच्याचे कागद आपण मागितले होते, हे त्यामुळे नोंदीवर येतं.

अर्ज दोन प्रतींत न्यायचा. आपल्या प्रतीवर शिक्का, तारीख, आवक क्रमांक आणि घेणाऱ्याची सही. ‘ठेवून जा, बघतो’ यावर विश्वास ठेवून परतू नये. तो माणूस वाईट नसतो, पण सहा महिन्यांनी त्याची बदली झालेली असते. तलाठी सज्जावर नसेल किंवा पोच द्यायला कां-कू करत असेल, तर तोच अर्ज तहसील कार्यालयाच्या आवक-जावक विभागात द्यावा आणि एक प्रत तलाठ्याला स्पीड पोस्टाने पाठवावी. पोस्टाची पावती हरकतीच्या प्रतीला टाचून ठेवावी. वेगळ्या पाकिटात ठेवलेली पावती लागते तेव्हा सापडत नाही.

मुदत उलटून गेली आणि नोंद अजून प्रमाणित व्हायची आहे, तर? तरीही हरकत द्यावी. प्रमाणित होण्याआधी दिलेली उशिराची हरकत, प्रमाणित झाल्यावर केलेल्या वेळेवरच्या अपिलापेक्षा स्वस्त पडते.

तारखेच्या दिवशी

सुनावणी म्हणजे सिनेमातलं कोर्ट नव्हे. सर्कलच्या टेबलाभोवती सात-आठ माणसं, पंख्याखाली फडफडणारे कागद आणि सगळे एकदम बोलताहेत, असं चित्र बऱ्याचदा असतं. या गोंगाटात काय बोललात ते हवेत विरतं. लेखी म्हणणं मात्र राहतं. म्हणून तोंडी कितीही बोला, त्याच दिवशी लेखी म्हणणं देऊन पोच घ्या.

समोरच्याने ऐन तारखेला नवा कागद काढला, तर घाईने उत्तर देऊ नये. ‘प्रत मिळावी व म्हणणे देण्यास मुदत मिळावी’ असा दोन ओळींचा अर्ज जागेवरच द्यावा. न पाहिलेल्या कागदावर निर्णय आधारला गेला, तर तो आदेश अपिलात टिकणं अवघड असतं. पण कागद पाहायला मागितलाच नव्हता, असं दिसलं की मुद्दा निम्मा होतो.

प्रत्येक तारखेला काय झालं ते रोजनाम्यात लिहिलं जातं. ‘अर्जदार हजर. जाबदार क्र. 2 गैरहजर. जाबदार क्र. 1 यांनी म्हणणे दाखल केले. युक्तिवादासाठी.’ इतकंच. पुढे वरच्या अधिकाऱ्यासमोर तुमच्या सुनावणीची गोष्ट या ओळी सांगतात, तुमची आठवण नव्हे. हजर होतात पण रोजनाम्यात गैरहजर लिहिलंय, असंही होतं. बहुतेक वेळा वाईट हेतूने नाही, पुकारा झाला तेव्हा तुम्ही खाली चहाच्या गाड्यावर होतात म्हणून. उठण्याआधी हजेरीची सही करावी, पुढची तारीख विचारून लिहून घ्यावी.

एकतर्फी निर्णय झालाच, तर कलम 232 मध्ये वाट आहे: गैरहजेरीत झालेला आदेश रद्द करून प्रकरण पुन्हा चालवावं, असा अर्ज आदेशाच्या तारखेपासून 30 दिवसांत त्याच अधिकाऱ्याकडे करता येतो. गैरहजेरीचं सबळ कारण द्यावं लागतं. दवाखान्याचा कागद चालतो. ‘तारीख लक्षात राहिली नाही’ चालत नाही. लोक ही वाट सोडून थेट अपिलात जातात आणि दोन वर्षं घालवतात.

आणखी एक, महसुलात सर्रास घडणारी गोष्ट. एका अधिकाऱ्याने ऐकलं, प्रकरण ‘निकालावर बंद’ केलं, बदली झाली, आणि नव्याने आलेल्या साहेबांनी फाईल वाचून आदेश काढला. ज्याने ऐकलं त्यानेच ठरवावं, हे सर्वोच्च न्यायालयाने 1959 च्या गुल्लापल्ली नागेश्वर राव प्रकरणात सांगितलं आहे. तेव्हा बदलीची बातमी कानावर आली की नव्या अधिकाऱ्याकडे ‘नव्याने युक्तिवाद ऐकावा’ असा अर्ज द्यावा. प्रामाणिक अधिकारी असा अर्ज आनंदाने मंजूर करतो. फाईल समजून घ्यायला त्यालाही बरं पडतं.

‘कागदपत्रे पाहिली, सबब आदेश’

वाईट आदेश ओळखायचा कसा? तीन पानं दोन्ही बाजूंचं म्हणणं उतरवलेलं असतं, आणि मग: ‘उभय पक्षांचे म्हणणे ऐकले. दाखल कागदपत्रांचे अवलोकन केले. सबब नोंद कायम करण्यात येत आहे.’ ‘अवलोकन केले’ आणि ‘सबब’ यांच्यामध्ये कारण असायला हवं होतं. ते तिथे नाही. वरच्या उदाहरणात कारण म्हणजे असं वाक्य: ‘हक्कसोडपत्र नोंदणीकृत नसल्याने ग्राह्य धरता येत नाही.’ चूक असो की बरोबर, पण त्यावर अपील करणाऱ्याला काहीतरी पकडता येतं. कारण नसलेल्या आदेशात ऐकण्याचा हक्क अर्धाच राहतो, कारण ऐकलं की नाही हे कळायला दुसरा मार्गच नाही. आदेशातली उणीव नंतर शपथपत्रात कारणं घालून भरून काढता येत नाही, हेही 1978 च्या मोहिंदर सिंग गिल प्रकरणापासून पक्कं आहे.

‘लेखनप्रमाद’ (लिहिण्यातली चूक, हस्तदोष) या शब्दाकडे डोळ्यांत तेल घालून पाहा. कलम 155 खाली हस्तदोष दुरुस्त करता येतात: ‘पाटील’चं ‘पाटिल’ झालं, क्षेत्र लिहिताना अंक उलटा पडला. पण याच कलमाचा आधार घेऊन कोणाचं नाव उडवलं, नवीन लावलं किंवा हिस्सा फिरवला, तर ती दुरुस्ती नव्हे, हक्काचा निर्णय आहे. शिवाय तपासणीत दिसलेली चूक दुरुस्त करतानाही पक्षकारांना नोटीस द्यावी लागते, हे त्या कलमातच आहे. तुमच्या सातबाऱ्यावर ‘इतर हक्क’ या रकान्यात अचानक काही आलं किंवा गेलं आणि फेरफाराच्या मजकुरात ‘क. 155 अन्वये’ दिसलं, तर त्या आदेशाची आणि नोटिशीची नक्कल लगेच मागा.

अपील, आणि फेरफाराची मर्यादा

मंडळ अधिकाऱ्याच्या निर्णयावर अपील कलम 247 खाली प्रांतांकडे. कोल्हापूर जिल्ह्यात तालुके 12, त्यामुळे आपला तालुका कोणत्या उपविभागात येतो ते आधी पाहावं. मुदत 60 दिवस. आदेश जिल्हाधिकारी पातळीचा असेल तर 90 दिवस. आदेशाची नक्कल मिळायला लागलेला काळ या मुदतीतून वजा होतो, म्हणून नकलेचा अर्ज आदेश कळल्याच्या दुसऱ्या दिवशी करायचा आणि नकलेवर ‘अर्ज दिनांक’ व ‘नक्कल दिल्याचा दिनांक’ पडलाय का ते पाहायचं. उशीर झाला असेल तर कलम 251 खाली विलंब माफीचा वेगळा अर्ज. त्यात ‘आदेश कधी आणि कसा कळला’ हे तारखेसह लिहावं. उदाहरणार्थ, पीक कर्जासाठी सातबारा काढला तेव्हा अमुक तारखेला कळलं, सोबत त्या तारखेचा सातबारा.

अपील दाखल झालं म्हणून आदेश आपोआप थांबत नाही. कलम 256 खाली स्थगितीचा अर्ज वेगळा द्यावा लागतो. तो नाही दिला तर अपील चालू असताना जमीन विकली जाते, आणि मग भांडण तिसऱ्या माणसाशी.

शहरात सातबारा नसून मालमत्ता पत्रक असतं. नगर भूमापन अधिकाऱ्याच्या निर्णयावर अपील जिल्हा अधीक्षक, भूमी अभिलेख यांच्याकडे जातं, प्रांतांकडे नाही. चुकीच्या दारात टाकलेलं अपील परत येतं तोवर मुदत संपलेली असते. मोजणी पटली नसेल तर तो आणखी वेगळा रस्ता: निमताना मोजणीचा, म्हणजे अपिलातल्या फेरमोजणीचा, अर्ज.

एवढं सगळं करूनही फेरफार मालकी ठरवत नाही. नोंद खरी असल्याचं गृहीत धरलं जातं, विरुद्ध सिद्ध होईपर्यंत (कलम 157), पण नोंदीने मालकी निर्माण होत नाही आणि नष्टही होत नाही. सर्वोच्च न्यायालयाने हे 1996 च्या सावर्णी विरुद्ध इंदर कौर प्रकरणात सांगितलं आणि त्यानंतरही अनेकदा. मृत्युपत्र खरं की खोटं, वाटणी झाली होती की नाही, हे वाद दिवाणी कोर्टाचे. भाऊबंदकीतल्या मंडळींना सर्कलकडूनच सगळा न्याय हवा असतो. सर्कलला तो देता येत नाही आणि त्याने देऊही नये.

बांधावरचा रस्ता

ऊसतोड आली की हे अर्ज वाढतात: ट्रॅक्टर-ट्रॉली जायला वाट नाही, शेजाऱ्याने चर मारली. वहिवाटीचा रस्ता अडवला असेल तर मामलेदार न्यायालय अधिनियम, 1906 चं कलम 5, आणि अडवणूक झाल्यापासून 6 महिन्यांत अर्ज. रस्ताच नाही आणि बांधावरून मिळायला हवा, तर महसूल अधिनियमाचं कलम 143. दोन्हींत निकालाचा कणा असतो स्थळपाहणी. तिची सूचना दोन्ही बाजूंना मिळाली पाहिजे. एकालाच मोटारसायकलवर बसवून नेऊन केलेला पंचनामा हा या प्रकरणांतला नेहमीचा दोष. पंचनाम्यावर पंच कोण, लगतचे कब्जेदार हजर होते का, नकाशात दिशा बरोबर आहेत का, हे सही करण्याआधी बघा. पटत नसेल तर सही नाकारण्यापेक्षा ‘अमुक मजकूर मान्य नाही’ असं लिहून सही करा. कलम 143 च्या निर्णयाविरुद्ध एका वर्षात दिवाणी दावाही लावता येतो, आणि दावा लावला की महसुलातलं अपील बंद होतं. दोन्ही डगरींवर पाय ठेवता येत नाही.

पाडकामाची नोटीस

शहरातल्या बांधकामांबाबत सर्वोच्च न्यायालयाचे 13 नोव्हेंबर 2024 चे निर्देश हाताशी ठेवावेत. बेकायदा बांधकाम पाडण्याआधी कारणे दाखवा नोटीस, आणि उत्तराला स्थानिक कायद्यातली मुदत किंवा 15 दिवस, यातलं जे जास्त ते. नोटीस रजिस्टर पोस्टाने, शिवाय बांधकामावर चिकटवून. नोटिशीत बांधकामाचं स्वरूप, नेमकं उल्लंघन, सुनावणीची तारीख आणि अधिकारी यांचा उल्लेख. सुनावणीचं इतिवृत्त लिहिलेलं हवं. अंतिम आदेशात मालकाचं म्हणणं, पाडण्याखेरीज दुसरा मार्ग का नाही, पूर्ण पाडायचं की काही भाग, हे सगळं. आदेशानंतरही आणखी 15 दिवस, म्हणजे अपिलाला किंवा स्वतः काढून घ्यायला वेळ.

पण रस्ता, पदपथ अशा सार्वजनिक जागेवरच्या आणि रेल्वेमार्ग, नदी किंवा जलाशयालगतच्या अनधिकृत बांधकामांना, तसंच जिथे कोर्टानेच पाडायचा आदेश दिला आहे तिथे, हे निर्देश लागू नाहीत. पंचगंगेच्या काठावर राहणाऱ्यांनी हा अपवाद आधी वाचावा आणि मगच 15 दिवसांचा हिशेब मांडावा. अपवाद आहे म्हणून मूळ महापालिका कायद्यातली आणि नगररचना कायद्यातली नोटीस मात्र संपत नाही.

‘ऐकून तरी काय होणार, बांधकाम बेकायदाच आहे’ हे उत्तर जुनं आहे. 1985 मध्ये मुंबईच्या पदपथावरच्या रहिवाशांच्या ओल्गा टेलिस प्रकरणात महापालिकेनेही असाच युक्तिवाद केला होता. न्यायालयाने तो मानला नाही. ऐकून घेण्याला स्वतःचंच मोल आहे, निकाल काय लागेल यावर ते अवलंबून नाही, असं म्हटलं. तरी पदपथ शेवटी सोडावाच लागणार हेही त्याच निकालात होतं; सवलत मिळाली ती पावसाळा उलटून 31 ऑक्टोबरपर्यंतची.

महामार्गात जमीन गेली तर

राष्ट्रीय महामार्ग अधिनियम, 1956 खाली कलम 3-अ ची (जमीन घेण्याचा इरादा सांगणारी) अधिसूचना राजपत्रात आली की 21 दिवसांत कलम 3-क ची हरकत. ती जमिनीच्या वापराला असते. दराबद्दल लिहिलेल्या हरकती इथे वाया जातात, कारण मोबदल्याची सुनावणी पुढच्या टप्प्यात, कलम 3-ग मध्ये आहे. रत्नागिरी-कोल्हापूर रस्त्याच्या कामात गट गेलेल्यांना हा फरक चांगलाच माहीत आहे. गावाच्या छापील अर्जावर दोनशे सह्या करण्यापेक्षा प्रत्येकाने स्वतःच्या गटाची गोष्ट लिहावी: विहीर कुठे आहे, उरलेला तुकडा किती आरचा आणि त्यात पोहोचायचं कसं, पाईपलाईन कुठून तुटते. छापील हरकतीला छापील उत्तर येतं.

हायकोर्टात जायची वेळ आली तर

महसुलातल्या पायऱ्या आधी चढायच्या, हा नियम. पण नोटीसच दिली नाही, ऐकलंच नाही, असं असेल तर पर्यायी उपाय असूनही उच्च न्यायालय अनुच्छेद 226 खाली रिट, म्हणजे सरकारी निर्णयाविरुद्धची थेट याचिका, ऐकू शकतं. 1998 च्या व्हर्लपूल निकालात हा अपवाद स्पष्ट आहे. 18 ऑगस्ट 2025 पासून मुंबई उच्च न्यायालयाचं सर्किट बेंच कोल्हापुरातच सुरू झालं आहे. कोल्हापूर, सांगली, सातारा, सोलापूर, रत्नागिरी आणि सिंधुदुर्ग हे सहा जिल्हे त्याच्याकडे. रात्रीची बस धरून मुंबई गाठायचा खर्च वाचला.

मात्र तिथेही ‘मला ऐकलं नाही’ एवढ्यावर भागत नाही. हल्ली न्यायालयं विचारतात, ऐकलं नाही म्हणून तुमचं नुकसान काय झालं? ऐकलं असतं तर तुम्ही असं काय सांगितलं असतं, की ज्याने निर्णय बदलण्याची शक्यता होती? कागलच्या त्या बहिणीकडे याचं उत्तर आहे: मी मुलगी आहे, हा शाळेचा दाखला, हक्कसोडपत्र नोंदलेलं नाही, हा दुय्यम निबंधकाकडचा शोध अहवाल, आणि नोटिशीवर सही माझी नसून भावाची आहे, ही स्थळप्रत. अशा वेळी बहुतेकदा आदेश रद्द होतो आणि प्रकरण ‘उभय पक्षांना संधी देऊन नव्याने निर्णय घ्यावा’ म्हणून खाली, त्याच सर्कलच्या टेबलावर परत येतं. तारीख पडते. त्या दिवशी जाताना हरकतीची पोच सोबत घ्यायची.